चिंचेच्या झाडाखालचा पार्ट बी

तंजावरला जाऊन आलेल्या माणसाने मोठ्या देवळाबद्दल बोलावं अशी रीत आहे. मीही बोलेन. देवळाचं शिखर मी तीन दिवसांत दोनदा पाहिलं. मात्र ते कर कार्यालयाच्या आवारातून, एका ट्रॉलीच्या आडून, तेही मान वाकडी केल्यावर दिसेल तेवढंच. एरवी लोक तंजावरहून चित्रं आणतात, मान हलवणाऱ्या बाहुल्या आणतात. मी एका पावतीची झेरॉक्स घेऊन आले.

झालं असं. सांगलीजवळ कुपवाडच्या औद्योगिक वसाहतीत आमचा छोटा कारखाना आहे. 'आमचा' म्हणजे अण्णांचा. मी तिथली हिशेबनीस. भात वाळवायची यंत्रं आम्ही बनवतो. ओलं भात एका बाजूने घालायचं, दुसऱ्या बाजूने कोरडं काढायचं, इतकं ते सोपं. ते यंत्र परराज्यात पाठवणं मात्र सोपं नाही. त्यासाठी ई-वे बिल, म्हणजे मालासोबतचा ऑनलाइन सरकारी कागद, लागतं. त्याचे भाग दोन. पार्ट ए मध्ये माल काय, कोणाचा, कोणाकडे चालला ते लिहायचं. पार्ट बी मध्ये गाडीचा नंबर. वाटेत गाडी बदलली की पार्ट बी बदलायचा. पहिलीतल्या पोराला कळेल असा नियम आहे, म्हणून तर मोठी माणसं तो चुकतात.

मी मात्र चुकत नसे. तसं मीच सगळ्यांना सांगायची. माझ्या टेबलामागे 'नोटीस नाही, विलंब शुल्क नाही' अशी पाटी लावायची तेवढी बाकी होती.

तिरुवैयारुजवळच्या एका गावातल्या यमुनाबाई रावांनी आमचं यंत्र मागवलं. आमचा ट्रक कुपवाडहून निघाला, कर्नाटक ओलांडून तामिळनाडूत शिरला आणि नऊशेच्या वर किलोमीटर कोणाच्या अध्यात ना मध्यात असा गेला. आणि यमुनाबाईंचं घर दोन किलोमीटरवर राहिलं असताना कर खात्याच्या भरारी पथकाने माल पकडला. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं म्हणतात ते हेच. कारण माल तेव्हा ट्रकवर नव्हताच. तो एका ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर होता, आणि पार्ट बी मध्ये तर आमच्या ट्रकचा नंबर ऐटीत बसलेला.

अण्णांनी मला केबिनमध्ये बोलावलं. "बाई, बिल तुम्ही केलंय. जावा आणि सोडवून आणा. आणि हे बघा, 'गिऱ्हाइकानं आमाला न सांगता गाडी बदलली' असं पत्र करून न्या. कराच्या दुप्पट दंड बसतोय म्हणत्यात. बसू दे त्यांच्यावर."

पत्र मीच टाइप केलं, सुबक इंग्रजीत. कारखान्याचा शिक्का मारला, पर्समध्ये घातलं आणि मिरजेहून गाडी धरली. पुढचा दीड दिवस कसा गेला ते सांगत नाही. वाचकांनी माझं काही वाकडं केलेलं नाही.

तंजावर: आवार

कार्यालयाच्या आवारात कडुलिंबाखाली आमचं यंत्र ट्रॉलीवर बसलं होतं. वर निळी ताडपत्री. जिने हजारो पोती भात कोरडं करायचं, ती वस्तू स्वतःच गारठून पांघरूण घेऊन बसलेली पाहून मला हसू आलं. ट्रॅक्टरच्या चाकाला पाठ लावून एक पन्नाशीचा माणूस बसला होता. हा सेल्वम, ट्रॅक्टरचा मालक आणि यमुनाबाईंचा शेजारी. तीन दिवस ट्रॅक्टर अडकला होता आणि ट्रॅक्टरसोबत तोही. कापणीच्या दिवसांत ट्रॅक्टर सोडून घरी जाणं त्याला जमेना. मला तमिळ येत नाही, त्याला मराठी येत नाही. त्याने ताडपत्रीकडे बोट दाखवलं, मग आभाळाकडे दाखवलं आणि पुन्हा चाकाला टेकला.

साहेब तरुण होते, इस्त्रीच्या शर्टातले आणि फार सभ्य. सभ्य माणसाशी भांडता येत नाही, हा सरकारी कचेरीतला सगळ्यात मोठा त्रास. त्यांनी मला कॉफी मागवली. इथे कॉफी पितळी वाटी-पेल्यात येते आणि ती एका भांड्यातून दुसऱ्यात ओतून आपली आपण गार करायची असते. आमच्याकडे चहा ओठ भाजत प्यायचा आणि वर 'काय कडक होता' म्हणायचं. मी ती ओतताना टेबलावर सांडली, त्यांच्या फाइलवर. त्यांनी रुमालाने पुसली आणि 'हरकत नाही, मॅडम' म्हणाले. इंग्रजीत बोलणं चाललं होतं, ते मी मराठीत सांगते.

मी तयारीने गेले होते. "सर, नियमातच आहे, वाहतूकदाराच्या जागेपासून ग्राहकापर्यंत पन्नास किलोमीटरच्या आत राज्यातल्या राज्यात माल गेला तर दुसऱ्या गाडीचा नंबर घालायची गरज नाही. इथे तर दोनच किलोमीटर आहेत."

"बरोबर आहे," ते म्हणाले. "वाहतूकदाराच्या व्यवसायाच्या जागेपासून. माल कुठे उतरवला?"

"चिंचेच्या झाडाखाली."

"ती व्यवसायाची नोंदलेली जागा आहे?"

आता झाडाची नोंदणी कोण करतं?

"बैलगाडी असती तर प्रश्नच नव्हता," साहेबांनी अगदी मनापासून सांगितलं. "इंजिन नसलेल्या वाहनाला ई-वे बिल लागत नाही."

म्हणजे पाहा. इतके पैसे खर्चून माणसाने ट्रॅक्टर घ्यावा आणि कायद्याने बैलाला नमस्कार करून पुढे सोडावं. मी मान डोलावली, पर्समधून पत्र काढलं आणि दिलं. साहेबांनी ते वाचून पलीकडच्या टेबलावरच्या कारकुनाला दिलं. कारकुनाने भोक पाडून ते फाइलला लावलं. हा कारकून म्हणजे एक नमुना होता. जाड भिंगाचा चष्मा, कपाळाला विभूती, समोर तमिळमध्ये लिहिलेली नावाची पाटी. दिवसभरात तो माझ्याशी एक शब्द बोलला नाही की हसला नाही.

तिथेच बाकावर बसून मी अण्णांना फोन लावला. आजूबाजूला कोणाला मराठी येण्याची भीती नव्हती, त्यामुळे मनमोकळं बोलले. "अण्णा, साहेब गोड आहे हो, पण साखरेत घोळलेली सुपारी, फुटायची नाही. आणि इथला कारकून? मातीचा गणपती! बसवलाय तिथे बसलाय. विसर्जन कधी आहे विचारून सांगते." अण्णा तिकडे खो खो हसले. पत्र दिल्याचं सांगितलं तर म्हणाले, "बेस काम केलं."

मातीच्या गणपतीने फाइलची दोरी बांधली आणि कपाटात ठेवली.

तिरुवैयारुच्या रस्त्यावर

दुसऱ्या दिवशी सकाळी लॉजच्या दारात मोपेड वाजली. वर एक साठी उलटलेली बाई, सुती साडीचा पदर कमरेला खोचलेला, केसांत अबोलीचा गजरा. "शैला तूंच नव्हे? मी यमुना. बैस माघें. जेवायास आमच्या घरीं."

यमुनाबाईंना गावात सगळे यमुनाक्का म्हणतात, मीही लगेच म्हणायला लागले. बँकेतली नोकरी संपवून त्या शेतीवर परतल्या. भोसल्यांच्या काळात इकडे आलेल्या त्यांच्या घराण्याची मराठी त्या बोलतात, लिहितात मात्र तमिळ. देवनागरी वाचता येत नाही, म्हणून आमच्या कारखान्याशी त्यांचा सगळा व्यवहार फोनवरच्या बोलक्या निरोपांनी चालायचा.

वाटेत मी बोलत राहिले नि त्या मोपेड हाकत राहिल्या. कालव्याच्या कडेने रस्ता, दोन्ही बाजूंना नारळ, आणि रस्त्यावर अर्ध्या भागात भात पसरलेलं. गाड्या अदबीने उरलेल्या अर्ध्यातून जातात, कोणी हॉर्न वाजवून भांडत नाही. आमच्याकडे रस्त्यात कोणी हळद पसरली असती तर पहिल्या तासात दोन मारामाऱ्या आणि एक मोर्चा.

"हें सगळें ओलें अहे," अक्का म्हणाल्या. "सरकारी खरेदीस ओलें घेत नाहींत. ओल मोजूनशी परत धाडितात. व्यापारी घेतो, पण निम्मे दाम देतो."

चिंचेचं झाड आलं तशी त्यांनी मोपेड थांबवली. झाड खरंच भलं मोठं. एका आडव्या फांदीला लोखंडी साखळी-कप्पी कायमची टांगलेली, फांदीला सालीवर पट्टा पडलेला. पुढे कालवा आणि त्यावर पूल, एवढा अरुंद की ट्रकने त्याच्याकडे नुसतं बघितलं तरी तो खचेल. गावात येणारी प्रत्येक जड वस्तू, गिरणीचं जातं असो की नव्या नवरीचं कपाट, इथे लॉरीतून कप्पीने उचलायची आणि सेल्वमच्या ट्रॉलीवर ठेवायची. अक्कांच्या वडलांच्या वेळी खाली बैलगाडी असे, एवढाच फरक. पथकालाही हे ठाऊक असणारच. मासे कुठे मिळतात हे कोळ्याला सांगावं लागत नाही.

पुलापलीकडे अक्कांचं अंगण होतं आणि अंगणाच्या बाहेर शेजारच्या पाच-सहा घरांचे भाताचे ढीग. काही झाकलेले, काही पसरलेले. बायका पायांनी भात वर-खाली करत होत्या. अक्कांनी त्यांना माझी ओळख करून दिली. बायकांनी हात जोडले आणि तमिळमध्ये काहीतरी विचारलं.

"विचारितात, मशीन आज येतें आ म्हणून," अक्का म्हणाल्या. "मीच त्यांस सांगितलें, व्यापाऱ्यास देऊं नक्का, मशीन येतें, आपण वाळवूं. माझे शब्दावर बसल्येत सगळे."

मी 'लवकरच येईल' असं म्हणाले. सरकारी उत्तर दोन दिवसांत मलाही येऊ लागलं होतं.

जेवणात वांग्याची रसवांगी होती, डांगर पचडी होती, आणि केळीच्या पानावर भाताचा डोंगर. 'डांगर' म्हटल्यावर मला तिखटमिठाचं उडदाच्या पिठाचं आमचं डांगर आठवलं, आणि खरंच तेच निघालं, फक्त दह्यात बुडून आलेलं. इतक्या पिढ्या दूर राहून पदार्थाने नाव सोडलं नव्हतं. आमच्याकडे दोन वर्षं पुण्याला राहून आलेला मुलगा पिठल्याला वेगळं नाव ठेवतो. मी तीनदा भात घेतला. अक्का वाढत होत्या आणि सांगत होत्या, "पूर्वीं वरत्तनाडूस राणीचे अन्नछत्रांत येईल त्यास जेवण घालीत. कोण, कोठला, कागद कोठें, कोण विचारीत नसे."

"आता विचारतात," मी म्हटलं. "अक्का, तुम्ही गाडी बदलणार हे आधी कळवायला हवं होतं हो. साधी गोष्ट होती."

अक्कांचा वाढायचा हात थांबला. "सांगितलें होतें नव्हे ग? निरोपांत. तुजला नाहीं पोंचला आ?"

"नाही बाई," मी म्हणाले. आणि लगेच पानावरचा हात मागे घेतला, कारण निरोप पोचला होता.

त्याच दिवशी, तीन वाजता

त्या निरोपाची गोष्ट सांगायला मला अजून जड जातं, पण सांगते. ट्रक भरला त्याच्या आदल्या दिवशी चहाच्या वेळी तो आला होता. अक्कांचे निरोप म्हणजे आमच्या ऑफिसात करमणुकीचा कार्यक्रम असे. 'मज होणा' म्हणजे मला हवं, 'येऊनशी', 'जेवलीस आ' ऐकलं की सगळे लोळायचे. मीच स्पीकरवर लावायची. मीच नक्कल करायची, आणि ती माझी उत्तम जमते असं सगळे म्हणायचे. त्या दिवशीचा निरोप साडेतीन मिनिटांचा होता. दीड मिनिटात आमचं पोटभर हसून झालं, चहा संपला आणि मी तो बंद केला.

जेवणानंतर अक्का आत आडव्या झाल्या. मी ओसरीवर बसून फोन कानाला लावला.

"...पाऊस भिववीत अहे ग. मशीन लौकर होणा. आणि ऐक. लॉरी आमचे गावांत येत नाहीं. वाय्कालावरचें पूल ल्हान अहे. चिंचेखालीं उतरवूनशी सेल्वमचे ट्रॅक्टरावर चढवितों, सर्वदां तसेंच करितों. त्या ट्रॅक्टराचा नंबर बिलांत घालावा लागतो म्हणूनशी आमचा ऑडिटर सांगितला. नंबर सांगतें. लिहून घे..." मग त्यांनी नंबर सांगितला, सावकाश, दोनदा. आणि शेवटी: "विसरूं नक्को ग. तुझें काम पक्कें असतें म्हणूनशी तुलाच सांगतें."

माझं काम पक्कं. सत्तर वर्षांकडे झुकलेल्या, एका वाळवणाच्या यंत्रासाठी ऑडिटरला विचारून आलेल्या बाईला पार्ट बी कळला होता. मला, जिच्या पोटापाण्याचा तो धंदा, तिला तिच्या बोलण्याची गंमत तेवढी कळली. लाज वाटली म्हणते, पण तो शब्दही पुरा पडत नाही. कारण अक्कांनी सगळं लपवलं असं मी आदल्याच दिवशी सही-शिक्क्यानिशी लिहून दिलं होतं.

तेवढ्यात पाऊस आला. बायका धावल्या, अक्का उठून धावल्या, मीही धावले. घोंगडी, पोती, ताडपत्र्या, हाताला येईल ते ढिगांवर टाकलं. सेल्वमच्या ढिगाकडे पुरेशी माणसं नव्हती. त्याची बायको एकटी, तो स्वतः तिकडे आवारात ट्रॅक्टर राखत बसलेला. आम्ही तिथे पोचेपर्यंत पाण्याचा ओघळ त्या भातातून वाहू लागला होता. दोन दिवसांपूर्वीच्या सरींत आधीच भिजलेलं भात ते. मी मूठभर उचललं तर दाण्यांना पांढरे मोड आले होते.

संध्याकाळी अण्णांना फोन केला आणि सगळं सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "बाई, पत्र गेलंय न्हवं? मग झालं की. आता कशाला उकरून काढताय?"

तंजावर: तिसरा दिवस

सकाळी अक्कांनाच सोबत घेऊन गेले. कशासाठी ते वाटेत सांगितलं नाही. धीर झाला नाही.

साहेबांना म्हटलं, "सर, माझं परवाचं पत्र खोटं आहे. ग्राहकाने आम्हाला आधी कळवलं होतं. ट्रॅक्टरच्या नंबरासकट."

साहेब खुर्चीत पुढे झाले. "लेखी?"

"बोलका निरोप आहे. मराठीत."

साहेबांनी मान वळवून कारकुनाला हाक मारली. तो उठला, खुर्ची ओढून माझ्यासमोर बसला, हात पुढे केला. मी फोन दिला. याला कशाला, असा प्रश्न माझ्या तोंडाशी आला होता, पण त्याआधीच तो चष्मा वर करून म्हणाला,

"पहिल्यापासून लावा, अम्मा. मातीचा गणपती ऐकतो."

मला वाटलं जमीन दुभंगावी. तंजावरची जमीन भाताची, चिखलाची, दुभंगत नाही. अक्का हसू दाबत पदर तोंडाला लावून बसल्या होत्या. त्यांनी त्या पाटीकडे बोट दाखवून मला वाचून दाखवलं: "मोहिते म्हणूनशी लिहिलें अहे. तुजला कळलें नव्हे आ?"

"आमचे लोक फौजेबरोबर आले," मोहिते म्हणाले. "केव्हां, तें कोण मोजिला? घरीं बोलतों आम्ही. बोलायास येतें, वाचायास येत नाहीं. तुमचें उलटें. पाटी वाचायास येत नाहीं, बोलायास फार येतें."

मग त्यांनी निरोप ऐकला. पूर्ण साडेतीन मिनिटं. अक्कांची मांजर आजारी होती, तिची हकीकतसुद्धा. हसले नाहीत. नंबर आला तिथे तीनदा मागे नेऊन ऐकला, कागदावर उतरवला, बाहेर जाऊन ट्रॅक्टरच्या पाटीशी ताडून आले. निरोपाची तारीख पाहिली, बिलाची तारीख पाहिली. मग साहेबांना सगळं तमिळमध्ये सांगितलं.

साहेब माझ्याकडे वळले. "निरोप बिलाच्या आधीचा आहे. म्हणजे लपवायचा हेतू दिसत नाही. मग नंबर घातला का नाही?"

"मी निरोप अर्धाच ऐकला."

"का?"

इथे खोटं बोलायला जागा होती. काम फार होतं म्हणता आलं असतं. पण मोहिते माझ्याकडे भिंगातून बघत होते. "आम्ही हसत होतो, सर. ह्यांच्या बोलण्याला. हसून झालं आणि मी बंद केला."

हे माझ्या तोंडून मराठीतच निघालं; मोहित्यांनी ते साहेबांना तमिळमध्ये सांगितलं. त्यांनी फार वेळ घेतला नाही. कुठल्याही भाषेत ते एका वाक्यात बसतं. अक्का माझ्या शेजारीच बसल्या होत्या. त्या नुसत्या कॉफी एका भांड्यातून दुसऱ्यात ओतत राहिल्या. ती केव्हाच गार झाली होती.

साहेबांनी माझा नवा जबाब लिहून घेतला. हेतू नव्हता, ग्राहकाचा दोष नाही, चूक माल पाठवणाऱ्याची, सबब दुप्पट दंड न लावता किरकोळ दंडावर माल सोडावा, असा आदेश झाला. दंड मी तिथल्या तिथे स्वतःच्या पर्समधून भरला, त्याचीच ती झेरॉक्स. मी विचारलं, "माझं पहिलं पत्र परत मिळेल का?"

मोहिते म्हणाले, "फाइलींतला कागद काढूं नये, अम्मा. वरून दुसरा लावावा."

म्हणजे माझं खोटं आता तंजावरच्या सरकारी कपाटात कायमचं राहणार. भोसल्यांची वंशावळ देवळाच्या भिंतीवर मराठीत कोरलेली आहे म्हणे. दुसरा लेख माझा, इंग्रजीत का होईना, शिक्क्यासकट.

मग साहेबांच्या समोर मी फोनवर पार्ट बी उघडला, मोहित्यांनी लिहिलेला नंबर घातला आणि बटण दाबलं. एक मिनिट लागलं. सहा दिवस ज्याच्यासाठी गेले ते काम एका मिनिटाचं. आदेशाचे कागद कमी पडत होते म्हणून झेरॉक्सला अर्धा तास लागला, ते वेगळं.

पूल ओलांडून

सेल्वमने ट्रॅक्टर सुरू करण्याआधी चाकाखाली लिंबू ठेवलं. मी अक्कांच्या मागे मोपेडवर, पुढे ट्रॉली. चिंचेखालून जाताना कोणीच थांबलं नाही. पुलावर सेल्वमने ट्रॅक्टर इतका सावकाश नेला की मागे सायकलींची रांग लागली.

दुपारपर्यंत यंत्र चालू झालं. पहिलं भात घातलं तेव्हा सगळ्या बायका भोवती उभ्या होत्या आणि बाहेर पडलेल्या दाण्यांत एकेक जण हात घालून बघत होती. पाच घरांचं भात वाचलं. सेल्वमचं नाही वाचलं. त्याने मोड आलेलं भात ओंजळीत घेऊन मला दाखवलं आणि तमिळमध्ये काही म्हणाला. ओरडला असता तर बरं वाटलं असतं.

"म्हणतो, गाई खातील," अक्का म्हणाल्या.

"त्याला सांगा, चूक माझी होती."

"सांगितलें मी. त्यास ठाऊक अहे." मग त्या म्हणाल्या, "माझा शब्द पांच घरीं राहिला. एका घरीं गेला. तें माझें मी बघतें."

निघताना त्यांनी तिरुवैयारुच्या दुकानातला तुपात निथळणारा मुगाच्या डाळीचा हलवा आणि घरच्या तांदळाची पिशवी दिली. एवढ्याशा मालाला ई-वे बिल लागत नाही, हे मी त्यांना सांगितलं. त्या हसल्या. मला हसू आलं नाही.

परत आल्यावर अण्णा आठवडाभर माझ्याशी कामापुरतं बोलत होते. मग एके दिवशी चहाच्या वेळी फोन वाजला. अक्कांचा निरोप, चार मिनिटांचा. "लावा की बाई स्पीकरवर!" म्हणून सगळे सरसावले, अण्णाही केबिनच्या दारात येऊन उभे राहिले. मी ऐकलंच नाही असं केलं. फोन कानाला लावला, वही ओढली आणि लिहीत गेले. यंत्र बरं चालतंय. एक पट्टा सैल झालाय, त्याचं माप. मांजर बरी अहे. सेल्वमचं पुढच्या हंगामाचं भात पहिलं वाळवायचं असं ठरवलंय. मोहिते विचारीत होते, अम्मा पोंचली आ म्हणून.

आणि शेवटी, सगळं सांगून झाल्यावर: "हें स्पीकरावर लाविलीस तरी चालतें ग शैला. हसूं दे त्यांस. मात्र शेवटापर्यंत लाव."

मी वही मिटली, निरोप पहिल्यापासून स्पीकरवर लावला आणि फोन टेबलाच्या मधोमध ठेवला. 'जेवलीस आ'ला सगळे हसले. मी हसले नाही आणि बंदही केला नाही. पट्ट्याचं माप येईपर्यंत हसणं थांबलं होतं. चहा निवला, तरी शेवटापर्यंत कोणी उठलं नाही.